मायकल बेट्स यांच्याबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

माझं बालपण लॅम रोडच्या आसपास, नाशिक रोड आणि देवळाली कॅम्पच्या मधल्या पट्ट्यात गेलं. म्हणून एका जुन्या ब्रिटिश विनोदी मालिकेत देवळालीचं नाव ऐकू आलं, तेव्हा हातातलं काम टाकून मी पडद्यासमोर बसले. त्या मालिकेत पगडी घातलेला, थेट आपल्याशी बोलणारा एक बेअरर, म्हणजे साहेबांच्या दिमतीचा नोकर, होता, आणि ती भूमिका करणारा माणूस होता मायकल बेट्स. पुढे लक्षात आलं की हा चेहरा आपण आधीच चार-पाच मोठ्या चित्रपटांत पाहिलाय, फक्त नाव कधी वाचलं नव्हतं. तेव्हापासून या नटावर लिहिते आहे. वाचकांकडून पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. एका उत्तरातली गोष्ट दुसऱ्यात परत सांगण्यापेक्षा प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. मायकल बेट्स म्हणजे नेमके कोण? मी तर नावही ऐकलेलं नाही.

नाव ऐकलं नसेल, पण चेहरा बहुधा पाहिला असेल. रंगभूमी, रेडिओ, चित्रपट आणि दूरदर्शन या चारही ठिकाणी काम केलेले हे ब्रिटिश चरित्र अभिनेते. जन्म ४ डिसेंबर १९२०, मृत्यू ११ जानेवारी १९७८. 'अ क्लॉकवर्क ऑरेंज'मधला तुरुंगाचा मुख्य पहारेकरी, 'पॅटन'मधले दुसऱ्या महायुद्धातले ब्रिटिश सेनानी फील्ड मार्शल माँटगोमेरी, हिचकॉकच्या 'फ्रेन्झी'मधला सार्जंट स्पिअरमन, 'लास्ट ऑफ द समर वाइन' या मालिकेतला सिरिल ब्लामायर आणि 'इट एन्ट हाफ हॉट मम'मधला रंगी राम, हे सगळे तेच. ही पाच माणसं ओळीनं समोर उभी केली तर एकाच नटानं ती केली आहेत यावर पटकन विश्वास बसत नाही.

२. त्यांचा जन्म झाशीचा, असं कुठेतरी वाचलं. खरं आहे का? मग ते भारतीय म्हणायचे की इंग्रज?

झाशीचाच. वडील इंडियन सिव्हिल सर्व्हिसमध्ये होते, त्यामुळे कुटुंब तेव्हाच्या संयुक्त प्रांतात राहत होतं. ते मात्र इंग्रजच. शिक्षण इंग्लंडमध्ये झालं, आधी अपिंगहॅम शाळेत आणि मग केंब्रिजच्या सेंट कॅथरीन्स कॉलेजमध्ये. भारतात जन्मलेल्या इंग्रज मुलांचं आयुष्य बहुतेक याच वळणानं जायचं. पहिली काही वर्षं आया, माळी, खानसामा यांच्या सहवासात काढायची, आणि मग एके दिवशी बोटीत बसून थंड प्रदेशातल्या वसतिगृहात जायचं. बेट्स यांच्या कानात या पहिल्या वर्षांची भाषा कायमची राहिली. त्याबद्दल प्रश्न १५ पाहा.

३. ते खरोखर सैन्यात होते, की नुसत्या भूमिका केल्या?

होते. दुसऱ्या महायुद्धात ते ब्रह्मदेशच्या आघाडीवर गुरखा पलटणीत होते आणि मेजरच्या हुद्द्यापर्यंत पोचले. त्यांची भूमिकांची यादी वाचताना हे सतत आठवत राहतं. सार्जंट, लान्स कॉर्पोरल, वॉरंट ऑफिसर, पोलीस इन्स्पेक्टर, तुरुंगाधिकारी, जनरल लुडेनडॉर्फ, फील्ड मार्शल. गणवेश चढवलेली माणसं त्यांच्याकडे पुन्हा पुन्हा आली.

इतर नट गणवेश घालतात तेव्हा आधी छाती पुढे येते. बेट्स यांच्या बाबतीत आधी मान बदलते. वरिष्ठ समोर असेल तर ती ताठ असते आणि नजर त्याच्या डोक्यावरून पलीकडे गेलेली असते. हाताखालचा माणूस समोर असेल तर तीच मान किंचित पुढे झुकते आणि नजर थेट त्याच्या बुटांवर जाते. हे माझं निरीक्षण आहे, आणि हे ज्यानं परेडच्या मैदानावर दोन्ही बाजूंनी उभं राहून पाहिलं असेल त्यालाच सुचेल असं मला मनापासून वाटतं.

४. इतके चांगले होते तर नायक का झाले नाहीत?

चरित्र अभिनेत्याचं काम वेगळं असतं. नायकाला आपण ओळखून असतो आणि त्याच्यासाठीच तिकीट काढतो. चरित्र अभिनेत्यानं मात्र दोन मिनिटांत एक अख्खा माणूस उभा करायचा असतो, आणि गोष्ट न अडवता बाजूला व्हायचं असतं. बेट्स मध्यम बांध्याचे आणि साध्या चेहऱ्याचे होते, आणि आवाज फार लवचिक. त्यांच्या चेहऱ्यावर मिशी, टोपी, चष्मा काहीही सहज बसायचं. पडद्यावर ते आले की नट आला असं वाटत नाही, तो तो माणूसच आला असं वाटतं. आपल्याकडे नाटकवाले 'भूमिका अंगात मुरलेली' म्हणतात ना, तेच. याची किंमत अशी की प्रेक्षक भूमिका लक्षात ठेवतात आणि नटाला विसरतात.

५. सुरुवात कुठे झाली? सिनेमात की नाटकात?

नाटकात. १९५३ साली कॅनडातल्या स्ट्रॅटफर्ड इथे शेक्सपिअर महोत्सवाचा पहिलाच हंगाम झाला. दिग्दर्शक होते टायरन गथ्री, आणि पक्कं नाट्यगृह नव्हतं म्हणून प्रयोग प्रचंड मोठ्या तंबूत झाले. ॲलेक गिनेस आणि आयरीन वर्थ यांच्यासारख्या दिग्गजांबरोबर त्या संचात तरुण बेट्सही होते. तंबूत अभिनय करायचा म्हणजे पावसाचा आवाज कापून शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोचवायचे. पुढे सिनेमात ते कितीही हळू बोलले तरी एक अक्षर हरवत नाही, त्याची तालीम अशा ठिकाणी झाली होती.

६. त्यांचं रंगभूमीवरचं सर्वांत महत्त्वाचं काम कोणतं?

'लूट'मधला इन्स्पेक्टर ट्रस्कॉट. माझ्या मते ही त्यांच्या आयुष्यातली सर्वोत्तम भूमिका, आणि दुर्दैवानं ती पाहायची सोय आज आपल्याकडे नाही.

जो ऑर्टनचं हे नाटक १९६५ मध्ये दौऱ्यावर निघालं तेव्हा सपशेल पडलं. तेव्हा ट्रस्कॉट करत होते केनेथ विल्यम्स, फार लोकप्रिय विनोदी नट. संहितेवर पुन्हा काम झालं आणि सप्टेंबर १९६६ मध्ये लंडनच्या जनेटा कॉक्रेन थिएटरात चार्ल्स मॅरोविट्झच्या दिग्दर्शनाखाली नवा प्रयोग उभा राहिला. या वेळी ट्रस्कॉट होते मायकल बेट्स. प्रयोग इतका गाजला की तो क्रायटेरियन थिएटरात हलवला गेला, आणि 'इव्हनिंग स्टँडर्ड'चा त्या वर्षीच्या सर्वोत्तम नाटकाचा पुरस्कार 'लूट'ला मिळाला.

ट्रस्कॉट हा पोलीस इन्स्पेक्टर पाणीपुरवठा खात्याचा माणूस असल्याची बतावणी करून एका घरात शिरतो. वॉरंटशिवाय झडती घेतो, मारहाण करतो, लाच खातो, आणि हे सगळं कायद्याच्या सभ्य, घोटीव भाषेत करतो. या पात्रामागे लंडनचा एक खरा पोलीस अधिकारी होता, हॅरॉल्ड चॅलेनॉर. १९६३ साली त्यानं निदर्शकांच्या खिशात विटेचे तुकडे घालून खोटे पुरावे तयार केले होते. असं पात्र 'विनोदी' करून सादर केलं की त्यातली भीती जाते. ते संपूर्ण गांभीर्यानं, आपण रोजचं कर्तव्य बजावतोय अशा खात्रीनं सादर केलं, की प्रेक्षक हसतो आणि लगेच हसण्याचा त्याला धसका बसतो. बेट्स यांची आयुष्यभराची रीत हीच होती. पात्राला आपण हास्यास्पद आहोत हे ते कधीही कळू देत नसत.

७. मग 'लूट'च्या चित्रपटात ते का नाहीत?

१९७० च्या चित्रपटात ट्रस्कॉटची भूमिका रिचर्ड ॲटनबरो यांनी केली. रंगभूमीवर गाजलेली भूमिका पडद्यावर जाताना मोठ्या नावाकडे जाणं ही त्या काळातली नेहमीची गोष्ट. त्याच ॲटनबरोंनी एक वर्ष आधी, १९६९ मध्ये, दिग्दर्शक म्हणून आपला पहिला चित्रपट 'ओह! व्हॉट अ लव्हली वॉर' केला, आणि त्यात दारू प्यायलेल्या लान्स कॉर्पोरलच्या छोट्या भूमिकेत बेट्स आहेत. 'गांधी' करणारे ॲटनबरो ते हेच.

८. 'अ क्लॉकवर्क ऑरेंज' दोनदा पाहिला, पण ते नेमके कुठे आहेत?

अ‍ॅलेक्स हा चित्रपटाचा नायक तुरुंगात दाखल होतो तो प्रसंग पुन्हा लावा. जमिनीवर एक रेघ आखलेली आहे, तिच्या मागे कैद्यानं पाय जुळवून उभं राहायचं. टेबलापलीकडे मिशीवाला मुख्य पहारेकरी उभा आहे. तेच बेट्स.

अ‍ॅलेक्स खिशातल्या वस्तू एकेक करून टेबलावर ठेवतो. अर्धं चॉकलेट तो सहज टाकल्यासारखं ठेवतो, आणि पहारेकरी गरजतो की ते उचल आणि नीट ठेव. बस, एवढंच. अर्ध्या चॉकलेटसाठी केवढा आवाज! पण बेट्स यांचा चेहरा पाहा. त्यांना राग आलेलाच नाही. राग येण्याइतकं त्या माणसाला काही वाटतच नाही. वस्तू टेबलावर नीट ठेवली जाते हा जगाचा नियम आहे आणि तो मोडला गेला आहे, एवढंच त्याला दिसतं. स्टॅन्ली कुब्रिकच्या १९७१ च्या या चित्रपटात हिंसेचे कितीतरी प्रसंग आहेत, पण यंत्रणा माणसाला कशी वाकवते हे मला या दोन-तीन मिनिटांत सर्वांत स्पष्ट दिसतं.

नंतर अ‍ॅलेक्सला प्रयोगासाठी रुग्णालयाच्या ताब्यात देण्याचा प्रसंग येतो. पहारेकरी पाय आपटत येतो, कडक सलाम ठोकतो, कागदावर सही घेतो आणि डॉक्टरांना बजावतो की हा पोरगा क्रूर होता आणि पुढेही तसाच राहणार. बुटांचा तो आवाज आणि रुग्णालयाची शांतता यांची गाठ घालून बेट्स यांनी सगळा प्रसंग तोलून धरला आहे.

९. माँटगोमेरीची भूमिका त्यांना कशी शोभली? ते तर फारसे उंच किंवा रुबाबदार नव्हते.

खुद्द माँटगोमेरीही नव्हते. बारीक चण, टोकदार नाक, डोक्यावर बेरे टोपी, आणि स्वतःवर अढळ विश्वास. फ्रँकलिन शॅफ्नरच्या 'पॅटन'मध्ये, १९७० साली, बेट्स यांनी हा विश्वासच पकडला. त्या वेळी खरे माँटगोमेरी हयात होते, हेही लक्षात घ्यावं.

दोन प्रसंग मुद्दाम पाहा. पहिला अल्जिअर्समधला. सिसिलीवरच्या चढाईची योजना माँटगोमेरी समजावून सांगतात ती चक्क स्वच्छतागृहात. आरशावर तोंडाची वाफ सोडतात आणि त्या धुरकटलेल्या काचेवर बोटानं सिसिलीचा नकाशा काढतात. हजारो सैनिकांच्या जिवाचा निर्णय त्या वाफेवर लिहिला जातोय आणि माँटगोमेरींचा सूर हुशार विद्यार्थ्यानं गणित सोडवून दाखवावं तसा आनंदी आहे.

दुसरा मेसिनाचा. माँटगोमेरी बॅगपाइप वाजवणाऱ्या पलटणीसह दिमाखात शहरात शिरतात, आणि चौकात त्यांचे प्रतिस्पर्धी, अमेरिकी सेनानी पॅटन, आधीच येऊन उभे असतात. क्षणभर बेट्स यांच्या चेहऱ्यावरचं सगळं विझतं. पण लगेच ते शिष्टाचारानं पुढे होतात आणि टोमणाही मारतात. इतिहासात हा सामना असा झाला नव्हता, ती पटकथेची करामत आहे. चित्रपटाला सात ऑस्कर मिळाली आणि चर्चा साहजिकच पॅटन झालेल्या जॉर्ज सी. स्कॉट यांची झाली. तरी पॅटनची ईर्ष्या आपल्याला खरी वाटते, कारण समोरचा प्रतिस्पर्धी तितक्याच तोलाचा उभा केला आहे.

१०. हिचकॉकबरोबर काम केलं होतं का?

हो, 'फ्रेन्झी', १९७२. लंडनमध्ये बायकांचे खून करणाऱ्या माणसाचा तपास इन्स्पेक्टर ऑक्सफर्ड करत असतात, आणि त्यांचा मदतनीस असतो सार्जंट स्पिअरमन, म्हणजे बेट्स. ऑक्सफर्ड झाले होते ॲलेक मॅकोवन.

ऑक्सफर्डच्या पत्नीनं फ्रेंच स्वयंपाकाचे वर्ग लावलेले असतात, त्यामुळे बिचाऱ्याला घरी पोटभर खायला मिळत नाही. तो कचेरीत टेबलावर बसून अंडी, सॉसेज, बेकन यांचा भरगच्च नाश्ता करतो आणि खाता खाता तपासाची चर्चा करतो. स्पिअरमन समोर उभा राहून ऐकतो. बेट्स यांना या प्रसंगात करण्यासारखं जवळजवळ काहीच नाही, आणि त्यांनी तेच उत्तम केलं आहे. ऐकणारा नट कसा असावा हे अभिनयाच्या विद्यार्थ्यांनी इथे पाहावं. साहेब खूनाबद्दल बोलतोय आणि आपली नजर मध्येच सॉसेजकडे जातेय, हे त्यांनी एकाही हावभावाचा आगाऊपणा न करता दाखवलं आहे. पुढे तो साहेबांच्या घरी जातो आणि बाईसाहेब त्याच्या हातात मार्गारीटाचा पेला देतात, तेव्हाची त्याची अवघडलेली सभ्यताही अशीच.

११. बाकीचे चित्रपट कोणते?

सगळी यादी देत नाही, निवडक सांगते. 'डंकर्क' (१९५८) आणि 'आय'म ऑल राइट जॅक' (१९५९) हे सुरुवातीच्या काळातले. 'बेडॅझल्ड' (१९६७) मध्ये ते आत्महत्येच्या चौकशीला आलेले इन्स्पेक्टर क्लार्क आहेत, आणि चौकशीच्या आडून नायिकेशी त्यांची लगट चालू असते. 'बॅटल ऑफ ब्रिटन' (१९६९) मध्ये वॉरंट ऑफिसर वॉरिक. 'नो सेक्स प्लीज, वी आर ब्रिटिश' (१९७३) मध्ये मिस्टर नीडहॅम. आणि १९७४ च्या 'फॉल ऑफ ईगल्स' या बीबीसीच्या ऐतिहासिक मालिकेत जर्मन सेनानी लुडेनडॉर्फ. १९६७ ते १९७३ हा त्यांचा सर्वांत भरगच्च काळ.

१२. रेडिओवरही होते म्हणे?

'द नेव्ही लार्क' ही बीबीसी रेडिओची मालिका १९५९ पासून १९७७ पर्यंत चालली. ट्राउटब्रिज नावाच्या जहाजावरच्या गमती. जॉन पर्टवी, लेस्ली फिलिप्स, रॉनी बार्कर असा तगडा संच. बेट्स त्यात एकाच वेळी अनेक आवाज करत: खलाशी जिंजर, लेफ्टनंट बेट्स, रिअर ॲडमिरल आयर्नब्रिज आणि आणखी काही. काही प्रसंगांत त्यांची दोन पात्रं एकमेकांशी बोलतात. डोळे मिटून ऐका, दोघांच्या मध्ये श्वास घ्यायलाही ते थांबत नाहीत.

१३. 'लास्ट ऑफ द समर वाइन' इतकी गाजली, मग त्यांनी ती सोडली का?

आजारपणामुळे. यॉर्कशरमधल्या होमफर्थ गावात चित्रित झालेली रॉय क्लार्क यांची ही मालिका, तीन रिकामटेकड्या वयस्क मित्रांची. जानेवारी १९७३ मध्ये तिचा पहिला, स्वतंत्र भाग दाखवला गेला आणि त्याच वर्षी नोव्हेंबरात पहिला हंगाम सुरू झाला. पीटर सॅलिस झाले क्लेग, बिल ओवन झाले कॉम्पो आणि बेट्स झाले ब्लामायर. टापटीप कपडे, घासून घेतलेली बोली, स्वतःला इतरांपेक्षा चार पायऱ्या वर समजणारा. ब्लामायर युद्धात रॉयल सिग्नल्स या सैन्याच्या संदेशवहन दलात, तोही भारतात, होता असं पात्राचं पूर्वायुष्य आहे. बेट्स यांनी स्वतः भारतात आणि ब्रह्मदेशात जे पाहिलं होतं ते इथे कामी आलं.

बेट्स राजकीय मतांनी पक्के उजवे आणि बिल ओवन कट्टर डावे, त्यामुळे पडद्यामागे दोघांचे चांगलेच वाद व्हायचे. पडद्यावर कॉम्पो आणि ब्लामायर एकमेकांना बोलतात त्यात जी धार आहे ती मला त्यामुळेच आवडते. पुढच्या काळात ही मालिका हळुवार आणि गोड होत गेली, पहिल्या दोन हंगामांत मात्र तिला दात आहेत.

१९७५ मध्ये दुसरा हंगाम संपला आणि कर्करोगामुळे बेट्स यांना थांबावं लागलं. १९७६ पासून ब्रायन वाइल्ड 'फॉगी' म्हणून आले. मालिका २०१० पर्यंत चालली, एकूण २९५ भाग. त्यातल्या पहिल्या काही मोजक्या भागांतच ब्लामायर आहे, म्हणून अनेकांना तो ठाऊकच नसतो.

१४. देवळालीचा आणि त्यांचा संबंध काय? ते कधी तिथे राहिले होते का?

संबंध 'इट एन्ट हाफ हॉट मम' या मालिकेमुळे. बीबीसीवर ३ जानेवारी १९७४ पासून १९८१ पर्यंत तिचे आठ हंगाम झाले, एकूण ५६ भाग. १९४५ सालची देवळाली छावणी, आणि तिथली तोफखान्याची 'कॉन्सर्ट पार्टी', म्हणजे सैनिकांचं मनोरंजन करणारी नाटक-गाण्याची मंडळी. सैनिकच बाईचे कपडे घालून नाचगाणं करतात. स्त्रीपार्टीची परंपरा माहीत असलेल्या मराठी प्रेक्षकाला यात नवल वाटणार नाही, पण सार्जंट मेजर विल्यम्सचा मात्र त्यामुळे तिळपापड होत असतो.

लेखक दोन, जिमी पेरी आणि डेव्हिड क्रॉफ्ट. पेरी तरुणपणी स्वतः देवळालीच्या कॉन्सर्ट पार्टीत होते आणि क्रॉफ्ट पुण्यात सैन्याच्या मनोरंजनाचे अधिकारी होते. त्यामुळे छावणीतली शिवीगाळ, कंटाळा, घामट बराकी आणि चहाची तल्लफ हे सगळं त्यांनी भोगलेलं आहे. चित्रीकरण मात्र इंग्लंडमध्येच झालं. त्यामुळे मालिकेत आपली बहुला टेकडी किंवा दारणा शोधू नका.

बेट्स यांनी यात रंगी राम हा बेअरर केला. प्रत्येक भागात तो प्रेक्षकांशी थेट बोलतो आणि शेवटी एखादी 'जुनी हिंदू म्हण' सांगतो. स्वतःचा उल्लेख तो 'आम्ही ब्रिटिश' असा करतो.

१५. त्यांना हिंदी येत होतं का? मराठी?

उर्दू उत्तम येत होती, लहानपणापासूनची. रंगी राम पंखेवाल्यावर खेकसतो तेव्हा ते शब्द पाठ करून म्हटलेले वाटत नाहीत, कारण ते पाठ केलेले नव्हतेच. मालिकेतली देशी भाषा ही छावणीतली हिंदुस्तानी आहे. देवळालीची, नाशिकची मराठी तिथे नाही, आणि त्याचं मला दर वेळी वाईट वाटतं. छावणीत दूध घालणारा, भाजी आणणारा, धुणं नेणारा माणूस मराठीच बोलत असणार.

१६. इंग्रजीतला 'डूलॅली' हा शब्द खरंच देवळालीवरून आला?

खरंच. एकोणिसाव्या शतकात देवळालीला ब्रिटिश सैनिकांची संक्रमण छावणी होती. नोकरीची मुदत संपलेले सैनिक इथे येऊन मायदेशी जाणाऱ्या जहाजाची वाट पाहत. जहाजं हिवाळ्याच्या हंगामातच सुटायची, त्यामुळे चुकीच्या वेळी आलेल्याला महिनोन्‌महिने काहीही न करता थांबावं लागे. ऊन, दारू, आजार आणि रिकामपण यांनी माणसं भ्रमिष्ट व्हायची. त्या अवस्थेला सैनिक 'डूलॅली टॅप' म्हणू लागले. त्यातलं 'टॅप' म्हणजे आपला ताप! इंग्रजांनी पुढे ताप गाळला आणि नुसतं 'डूलॅली' ठेवलं, अर्थ 'वेडा झालेला'. माझ्या गावाचं नाव असं परभाषेत जाऊन बसलं आहे. देवळालीत आजही तोफखान्याची प्रशिक्षण संस्था आहे, म्हणजे लष्कराशी नातं तुटलेलं नाही.

१७. गोऱ्या नटानं चेहरा रंगवून भारतीय माणूस करणं तुम्हाला खटकत नाही का?

सर्वांत जास्त वेळा येणारा प्रश्न हाच, आणि तो योग्य आहे. मला खटकतं.

त्या काळी ब्रिटनमध्ये ही सर्रास पद्धत होती. पीटर सेलर्सनी असं केलं. बेट्स यांच्याबरोबर तंबूत उभे राहिलेले ॲलेक गिनेस तर १९८४ मध्येही 'अ पॅसेज टू इंडिया'त प्रोफेसर गोडबोले झाले. गोडबोले! पण पद्धत होती म्हणून ती बरोबर ठरत नाही. याच मालिकेत चहावाल्याच्या भूमिकेत ढाक्यात जन्मलेले दिनो शफीक होते, पंखेवाला झालेले बाबर भट्टी होते. म्हणजे उपखंडातले नट हाताशी होते, आणि तरी देशी माणसाची सर्वांत मोठी भूमिका इंग्रज नटाकडे गेली. बेट्स यांना भाषा येत होती आणि भारत ठाऊक होता, हे समर्थन मी ऐकलं आहे. ते मला पुरेसं वाटत नाही. बीबीसी ही मालिका आता पुन्हा दाखवत नाही, आणि त्यामागे या भूमिकेचा वाटा मोठा आहे.

तरीही त्यांनी जे केलं ते मी बारकाईनं पाहते. 'आम्ही ब्रिटिश' म्हणताना रंगी रामची हनुवटी किंचित वर जाते, आणि पुढच्याच क्षणी साहेबानं हाक मारली की ती खाली येते. साम्राज्यानं माणसाच्या मनाचं काय केलं ते त्या हनुवटीत आहे. सार्जंट मेजर त्याला तुच्छ लेखतो, तो पंखेवाल्याला तुच्छ लेखतो. दुसरीकडे पंखेवाला हळूच जे पुटपुटतो ते बहुतेक वेळा सर्वांत शहाणपणाचं असतं. बेट्स यांनी रंगीला मूर्ख केला नाही. तो चलाख आहे, आणि छावणी खऱ्या अर्थानं तोच चालवतो. ही भूमिका त्यांना मिळायला नको होती असं माझं मत आहे, आणि मिळालेली भूमिका त्यांनी आदरानं केली असंही माझं मत आहे. दोन्ही मतं मी अनेक वर्षं बाळगून आहे.

१८. त्यांच्या मृत्यूनंतर रंगी रामचं काय झालं?

बेट्स पहिल्या पाच हंगामांत आहेत. पाचवा १९७७ च्या अखेरीस प्रसारित झाला आणि ११ जानेवारी १९७८ ला ते गेले. वय ५७. म्हणजे कर्करोगानं 'समर वाइन' सोडायला लावल्यानंतरही दोन वर्षं ते पगडी बांधून उभे राहत होते. त्यांच्या शेवटच्या हंगामातले भाग हे ठाऊक असताना पाहिले की गळा दाटून येतो, कारण आवाजात कुठेही थकवा नाही. त्यांच्या जागी दुसरा नट घेतला नाही. चहावाला बेअरर झाला, आणि रंगी रामची जागा रिकामीच राहिली.

१९. ॲलन बेट्स, राल्फ बेट्स आणि मायकल बेट्स एकच की नातेवाईक?

तिन्ही वेगवेगळे नट. ॲलन बेट्स हे डर्बीशरचे, १९३४ चा जन्म, नायकाच्या भूमिका करणारे. राल्फ बेट्स हॅमर कंपनीच्या भयपटांमुळे ओळखले जातात. शोधताना आणखी एक मायकल बेट्स सापडतात, समुद्रातल्या एका जुन्या युद्धकालीन मनोऱ्यावरच्या 'सीलँड' या स्वयंघोषित देशाचे राजपुत्र. त्यांचाही या नटाशी संबंध नाही. जन्मवर्ष १९२० असेल तरच ते आपले.

२०. पहिल्यांदा पाहायचं तर कुठून सुरुवात करू?

'पॅटन'मधला आरशाचा प्रसंग आणि लगेच 'क्लॉकवर्क ऑरेंज'मधला चॉकलेटचा. दोन्ही एका संध्याकाळी पाहा. दोन्ही चित्रपटांत एक वर्षाचंच अंतर आहे, आणि दोघांच्याही अंगावर गणवेश आहे. नंतर 'फ्रेन्झी' सलग. त्यानंतर 'समर वाइन'चा पहिला हंगाम. रंगी राम शेवटी ठेवा, प्रश्न १७ वाचून मग. 'क्लॉकवर्क ऑरेंज' आणि 'फ्रेन्झी' मुलांसोबत पाहण्यासारखे नाहीत, दोन्हींत स्त्रियांवरच्या हिंसेची विदारक दृश्यं आहेत. घरात लहान कोणी असेल तर 'द नेव्ही लार्क' लावा आणि त्यातले किती आवाज एकाच माणसाचे आहेत ते त्यांना ओळखायला सांगा.